शनिवारचं हलकं

पोस्टात पार्सलच्या खिडकीवर बसून ग्रॅमबाईंना सव्वीस वर्षं झाली होती. त्यांचं खरं नाव हजेरीपटावर होतं, पण ते वर्षातून एकदाच उच्चारलं जाई, बढतीच्या यादीत ते नाही हे कळवायला. एरवी त्या ग्रॅमबाईच. कोणी पार्सल पुढे सरकवलं की ते काट्यावर ठेवण्याआधी त्या क्षणभर तळहातावर तोलत आणि म्हणत, “आठशे चाळीस.” मग काट्यावर ठेवत. काटा थरथरे, दमे आणि आठशे चाळीसवर येऊन थांबे. दहा-वीस ग्रॅमचा फरक पडलाच तर बाई काट्याकडे अशा नजरेनं बघत की रांगेतला एक म्हातारा एकदा म्हणाला होता, “बाई, त्याला आता निवृत्त करा. थकलाय बिचारा.”

पण या हातांना गेले अकरा महिने एका गोष्टीचा अंदाज लागत नव्हता. नवरा घर सोडून गेला होता, आणि तो परत येणार की नाही हे त्यांना कळत नव्हतं.

नवरा लांब पल्ल्याची बस चालवायचा. मार्गाच्या दुसऱ्या टोकाला, शेवटच्या थांब्यावर, चहाचं दुकान चालवणारी एक बाई होती. तो तिच्याकडे राहायला गेला होता. भांडण नाही, आदळआपट नाही. एका सकाळी बॅग भरली आणि म्हणाला, “मी काही दिवस तिकडे राहतो.” बॅग दाराशी होती. ग्रॅमबाईंनीच ती उचलून त्याच्या हातात दिली, आणि सवयीनं हात बोलला: नऊ किलो.

“नऊ किलोत कोणी संसार मोडतं का?” त्या नणंदेला म्हणाल्या होत्या. “नऊ किलो म्हणजे आठवड्याचे कपडे. आठवड्याचे कपडे नेणारा माणूस आठवड्यानं येतो.”

नणंद त्याच इमारतीत तळमजल्यावर इस्त्रीचं दुकान चालवत होती. भावाची ती पाठराखण करील असं लोकांना वाटलं होतं, पण तिनं पहिल्याच दिवशी वहिनीची बाजू घेतली, आणि घेतली ती घेतलीच. बोलायला मात्र ती गरम इस्त्रीसारखी. “वहिनी, माणूस म्हणजे पार्सल नव्हे,” ती म्हणाली. “पत्ता सापडला नाही म्हणून पाठवणाऱ्याकडे परत येत नसतो तो.”

आठवडा गेला, महिना गेला. कपाटाची त्याची बाजू ग्रॅमबाईंनी मोकळीच ठेवली.

आता ‘हलकं’ या शब्दाची गोष्ट सांगायला हवी, कारण पुढचा सगळा घोटाळा त्याच शब्दानं केला.

आठ वर्षांपूर्वी नवऱ्याच्या हृदयानं पहिला इशारा दिला होता. तोपर्यंत आगाराजवळच्या खानावळीतले शेंगदाण्याचे चिकन नूडल्स हा त्याचा जीव की प्राण. दाट, तेलानं चकाकणारे, नारळाच्या दुधात घोळलेले, वर कातडीसकट चिकन. डॉक्टर म्हणाले, “जड सगळं बंद. हलकं खा.” घरी येऊन नवरा भिंतीकडे तोंड करून झोपला आणि म्हणाला, “मग जगून काय करू?”

ग्रॅमबाईंनी ते मनावर घेतलं. ऑफिसात पत्रं तोलायचा एक जुना काटा मोडीत निघाला होता. रीतसर अर्ज करून त्यांनी तो घरी आणला आणि ओट्यावर मांडला. पहिल्या शनिवारी दाण्यांचा रस इतका घट्ट झाला की नवरा म्हणाला, “यानं भिंतीवर जाहिराती चिकटवू का?” दुसऱ्या शनिवारी तो पाण्यासारखा झाला. “यात जेवायचं की पोहायचं?” तिसऱ्या शनिवारी तो काहीच बोलला नाही. ताट संपलं तेव्हा त्यानं बोटानं रस पुसून चाटला, आणि ग्रॅमबाईंनी ओट्याकडे वळून डोळे टिपले.

तेव्हापासून त्या पदार्थाचं नाव ‘हलकं’. दर शनिवारी सकाळी दाढीचा फेस तोंडाला लावून तो आरशासमोरून ओरडे, “आज हलकं करायचंय ना?” आणि त्या म्हणत, “करते.” वजन हलकं असतं, कापड हलकं असतं, हे बाहेरच्या जगात. त्या घरात हलक्याचा अर्थ एकच.

त्या बुधवारी दुपारी ऑफिसातला फोन वाजला. शेजारच्या टेबलावर शिक्के मारायचं काम जोरात चाललं होतं, धप्प, धप्प.

“मी बोलतोय,” नवरा म्हणाला. अकरा महिन्यांत पहिल्यांदा.

“बोला.”

“शनिवारी दुपारी येतो. मला...” धप्प. “...हलकं करायचंय.”

“करते,” त्या म्हणाल्या.

“बरं. येतो,” म्हणून त्यानं फोन ठेवला.

संध्याकाळी त्यांनी नणंदेला सांगितलं, तेव्हा तिनं इस्त्री उभी करून ठेवली. “येतोय म्हणजे? राहायला की बघायला?”

“ते काही बोलले नाहीत. हलकं करायचंय म्हणाले.”

“हलकं?” नणंदेनं कपाळावरचा घाम पुसला. तिच्या चेहऱ्यावर हसू फुटलं, आणि ते बघून ग्रॅमबाईंच्याही. “मग राहायलाच गं! पाहुणा कधी पथ्याचं मागतो का? पाहुणा तळलेलं मागतो. पथ्याचं मागतो तो घरचा.”

“तुला खरंच असं वाटतं?”

“मला वाटून काय करायचंय? येऊ दे आधी. मग मी त्याला उलटा टांगून, पाणी शिंपडून इस्त्री करते की नाही बघ.”

शनिवारी ग्रॅमबाईंनी हक्काची रजा घेतली. सकाळी चिकनची कातडी काढली, चरबीचा शेवटचा पांढरा धागा सुरीच्या टोकानं उचलला, आणि आल्याचे दोन तुकडे घातलेल्या पाण्यात ते मंद आचेवर शिजत ठेवलं. दाणे तोलले, दोघांत मिळून चाळीस ग्रॅम. कोरड्या तव्यावर भाजले, चोळले, खिडकीशी उभं राहून फुंकर मारून सालं उडवली. तेलाचा थेंब नाही, नारळाचं दूध नाही. नूडल्स शिजवलेलं पाणी टाकायचं नाही, हे त्यांना तिसऱ्या शनिवारी सापडलं होतं. त्या पिठूळ गरम पाण्यातच दाणे, लसूण आणि भिजवलेली लाल मिरची वाटली की रस असा दाटतो की कोणाला वाटावं, पावशेर दाणे ओतलेत.

नूडल्सही निम्मेच. उरलेली जागा कोबी आणि गाजरानं भरायची, पण चिरायचं नूडल्सइतकंच लांब आणि बारीक. “आधी डोळ्यांना जेवू घालायचं, पोट मागून येतं,” असं त्या म्हणत. आणि चाळीसातला एक चमचा दाणा जाडसर कुटून अगदी वर. जिभेला पहिल्यांदा तोच लागतो, मग ती सगळीकडे दाणेच शोधत बसते.

चिकन तंतू तंतू सुटं करून झालं, सगळं एकत्र झालं, लिंबू पिळलं, आणि बेल वाजली.

नवऱ्याकडे किल्ली होती. त्यामुळे बेल ऐकून ग्रॅमबाई क्षणभर ओट्याशीच उभ्या राहिल्या. मग दार उघडलं.

“किल्ली हरवली का?”

“नाही, आहे,” तो म्हणाला आणि पायपुसण्यावर बूट घासत राहिला. त्यानं पट्टा एक भोक सैल केला होता. चार किलो वाढलेत, बाईंच्या डोळ्यांनी नोंद केली. हातात बॅग नव्हती. बॅग मागून येईल, त्यांनी स्वतःला सांगितलं.

टेबलावरचं ताट बघून तो थबकला. “हे काय?”

“हलकं.”

“अगं, कशाला एवढं...”

“तुम्हीच म्हणालात ना फोनवर.”

तो काहीतरी बोलणार होता. पण वाफ वर येत होती, काटा-चमचा त्याच्या जुन्या जागी होता, आणि बाई खुर्ची मागे ओढून उभ्या होत्या. तो बसला.

“तू?”

“तुमचं होऊ दे. मी नंतर.”

तो मान खाली घालून जेवू लागला. बाईंनी पाणी ओतलं. काहीतरी बोलायला हवं म्हणून म्हणाल्या, “खिडकीवर नवीन काटा आलाय. आकडे आपोआप उमटतात.”

“मग तुझं काय काम आता?”

“त्याला चुकू न देणं.”

तो हसला. तेच हसू, खांदे हलवत येणारं. ताट रिकामं झालं, आणि बाईंनी विचारायच्या आत त्यानं ते पुढे केलं. त्यांनी पुन्हा वाढलं. शर्ट कुठे टांगायचे, कोणती चादर काढायची, नणंदेला ओरडू नकोस म्हणून कधी सांगायचं, असं सगळं त्यांच्या डोक्यात एकाच वेळी चालू झालं होतं.

दुसरं ताट संपवून त्यानं तोंड पुसलं. “मी फोनवर काय म्हणालो होतो?”

“हलकं करायचंय म्हणालात.”

“मन,” तो म्हणाला. “मन हलकं करायचंय म्हणालो होतो.”

ग्रॅमबाईंच्या हातात पाण्याचा जग होता. तो त्यांनी खाली ठेवला नाही.

“आम्ही इथून जातोय,” तो म्हणाला. “लांब. मी बदली मागितली होती, ती मिळाली. पुढच्या महिन्यात निघू. तुला न सांगता जाणं बरं वाटेना.”

बाईंना बदली, महिना वगैरे काही ऐकू गेलं नाही. ‘आम्ही’ तेवढं ऐकू आलं.

“आणि आणखी एक. सांगून टाकतो एकदाचं. शनिवारी तुझ्या हातचं खायचो, आणि सोमवारी शेवटच्या थांब्यावर ते जुनं, जड. तिच्याकडे. ती फक्त माझ्यासाठी करायची.”

“कधीपासून?”

“तू हे करायला लागलीस, त्याच्या पुढच्याच महिन्यापासून. आधी नुसतं खायलाच जायचो. खरंच सांगतो, आधी नुसतं खायलाच.”

“कातडीसकट?”

“हो.”

“आणि दाणे? दाणे किती घालते ती?”

हा प्रश्न त्याला अपेक्षित नव्हता. त्यानं खरोखर आठवून बघितलं. “मोजत नाही ती,” तो म्हणाला.

आठ वर्षं ग्रॅमबाई रात्री कूस बदलताना त्याच्या श्वासाकडे कान देत होत्या. तो नीट चालतोय हे ऐकलं की त्यांना वाटे, हे आपलं काम. आपण तोललं म्हणून चाललंय. हे त्यांनी कधी कोणाला बोलून दाखवलं नव्हतं, त्यालाही नाही.

“डॉक्टर काय म्हणतात?” त्यांनी विचारलं.

“सगळं ठीक आहे म्हणतात. नशीब.”

“नशीब,” बाई म्हणाल्या.

तो उठला. खिशातून किल्ली काढून त्यानं टेबलावर ठेवली, मग उचलून त्यांच्या हातात दिली. “रागावू नकोस. सांगितलं आणि बरं वाटलं बघ. छातीवर दगड होता इतकी वर्षं.” दारात तो पुन्हा वळला. “तब्येतीला जप.” मग जिन्यावर त्याची पावलं वाजली, भराभरा उतरणारी.

पाच मिनिटांत नणंद वर आली, हातात घडी केलेले शर्ट. अकरा महिने दुकानात राहिलेले भावाचे शर्ट तिनं सकाळपासून इस्त्री केले होते. “दादा कुठाय? दुकानावरून गेल्यासारखा वाटला. काही आणायला गेला का?”

“गेला.”

“कुठे गेला?”

ग्रॅमबाईंनी सांगितलं. आवाज न चढवता, क्रमानं, काही न गाळता, जसं हरवलेल्या पार्सलबद्दल साहेबांना सांगत तसं. शिक्क्याच्या आवाजाचं सांगितलं, सोमवारांचं सांगितलं. नणंदेनं शर्ट खुर्चीवर टाकले. भावाला तिनं ज्या शिव्या दिल्या त्या लिहिण्यासारख्या नाहीत. काही तर तिच्या स्वतःच्याच आईवडिलांना लागू पडत होत्या. पण बाईंच्या डोळ्यांत पाणी नव्हतं, आणि त्यानं नणंद जास्त घाबरली.

“जेवलीस का तू?”

“नाही.”

“मग बस. मीही जेवले नाहीये. त्याच्यासाठी उपाशी राहायचं काही कारण नाही.” तिनं दोन ताटं घेतली, कढईतलं उरलेलं वाढलं, गार झालं होतं तरी. बाईंना खांदा धरून बसवलं आणि स्वतः मोठा घास घेतला. चावता चावता ती थांबली.

“वहिनी, अगं यात मीठच नाही!”

ग्रॅमबाईंनी चाखलं. नव्हतं. पाव चमचा मीठ त्या अगदी शेवटी घालत, आणि अगदी शेवटी बेल वाजली होती. मीठ वाटीत तोलून ठेवलेलं होतं, ओट्यावर, तसंच्या तसं.

“हे असं जेवला तो?” नणंद म्हणाली. “चिमूटभर कमी पडलं तर घर डोक्यावर घेणारा आमचा दादा? काही बोलला नाही?”

“नाही.”

“एकदाही?”

“दोनदा घेतलं,” ग्रॅमबाई म्हणाल्या. “दोन्ही ताटं संपवली. काही बोलला नाही.”

आणि तेव्हा, हातातला काटा ताटावर आडवा ठेवून, त्या रडायला लागल्या. नणंद उठून वाटी आणायला निघाली होती, ती अर्ध्या वाटेतून परत आली आणि त्यांच्याशेजारी खुर्ची ओढून बसली.