घोड्याच्या घरातला वजीर

उपेंद्र हुक्केरीकर यांनी जन्मात कुठल्या पोराला पाढा शिकवला नाही, तरी सगळी निपाणी त्यांना मास्तर म्हणायची. परगावचा माणूस विचारी, कोणत्या शाळेत? मग मास्तर तोंडातली तंबाखू एका गालाकडे सारून सांगत, "शाळंतला न्हवं, बुद्धिबळातला. विलायतेत असल्या माणसाला मास्टरच म्हणतात." ही पदवी त्यांना कोणी दिली, याची चौकशी करण्यात अर्थ नव्हता. ती त्यांनी स्वतःच घेतली होती आणि फुकट असल्यामुळे गावानं हरकत घेतली नव्हती.

पोटासाठी ते तंबाखूच्या वखारीत कारकून होते. पट मांडलेला दिसला की मालक काम सांगत नसत, कारण मालकांनाही खेळायचं असे. खेळ अर्थात देशी पद्धतीचा. तिचे दोन-तीन कायदे माहीत नसतील तर मास्तरांचं पुढं काय झालं ते कळायचं नाही. समोरच्याचा राजा एकटा उरला की डाव बुर्जी, म्हणजे बरोबरीत सुटला. त्यामुळं जिंकू पाहणाऱ्यानं समोरच्याचं एखादं प्यादं मुद्दाम जगवायचं. प्यादं शेवटच्या रांगेत पोचलं की ज्याच्या घरात पोचलं तेच व्हायचं. हत्तीच्या घरात हत्ती, घोड्याच्या घरात घोडा. आणि मात द्यायची ती प्याद्यानं. हत्तीनं मात देणाऱ्याला निपाणीत कोणी चहा पाजत नसे.

१९३३ च्या उन्हाळ्यात बेळगावला विलायती नियमांचे सामने ठरले. जिंकेल त्याला आपल्या खर्चानं विलायतेच्या स्पर्धेला पाठवू, असं एका हौशी संस्थानिकानं जाहीर केलं. मास्तरांनी नाव दिलं आणि भर मे महिन्यात लोकरीचा कोट शिवायला टाकला. विलायती मास्टरांचे डाव वर्तमानपत्रात येत. ते वखारीत मोठ्यानं वाचून दाखवायचे आणि प्रत्येकाला नावं ठेवायची, हा त्यांचा रोजचा कार्यक्रम झाला.

"ह्यो बघा, तीन देशांत जिंकलेला गडी. आणि मात कशानं देतोय? वजिरानं! लाज न्हाय."

"मास्तर, तिकडं गेल्यावर खाणार काय?" विडी कारखान्यातल्या जोतिबानं विचारलं.

"त्यांचे उंट-घोडे."

अंबूबाईंचा, म्हणजे मास्तरांच्या पत्नीचा, नवऱ्याच्या बुद्धीवर फारसा विश्वास नव्हता. पण कोल्हापूरच्या बहिणीला ही बातमी कळवण्यापुरता त्यांनी तो ठेवला.

बेळगावात एक निवृत्त हेडमास्तर पंच होते. त्यांनी आधी सगळे नियम मराठीतून वाचून दाखवले. प्यादं पहिल्या खेळीला दोन घरं जातं आणि राजाला किल्ल्यात कोंडता येतं, एवढं मास्तरांनी ऐकलं. बाकीचं वाचन चाललं तेव्हा ते बाहेर अंगणात उचगावच्या एका अनोळखी माणसाला, आपण कसे जिंकणार, ते समजावत होते. ते जिंकलेही. सुरुवातीचे डाव त्यांनी इतके झटपट उरकले की कुणाचं प्यादं शेवटच्या रांगेपर्यंत पोचायची वेळच आली नाही.

शेवटचा डाव वकील गोपाळराव सांबरेकरांशी होता. सांबरेकर कॅम्पातल्या गोऱ्या साहेबांकडून खेळ शिकले होते आणि साहेबासारखेच, चेहऱ्यावर काही न दाखवता खेळत. दुपारपर्यंत त्यांच्याकडं एक राजा आणि घोड्याच्या पट्टीतलं एक प्यादं उरलं. मास्तरांकडं हत्ती होता, उंट होता, प्यादं होतं. सांबरेकरांचं प्यादं मास्तरांच्या उंटाच्या तोंडात होतं.

मास्तरांनी ते मारलं नाही. मारलं तर त्यांच्या देशी हिशेबानं राजा एकटा, डाव बुर्जी आणि विलायत बुडाली. शिवाय त्यांना प्यादेमात द्यायची होती. त्यांनी आपलं प्यादं एक घर सरकवलं. सांबरेकरांनी चष्म्यावरून त्यांच्याकडं पाहिलं आणि आपलंही सरकवलं. असं दोघांचं चालत राहिलं. बघ्यांत बसलेल्या जोतिबानं शेजाऱ्याला हळूच सांगितलं, "खेळवतोय बघ त्याला."

सांबरेकरांचं प्यादं घोड्याच्या घरात पोचलं. मास्तरांनी मेलेल्या मोहऱ्यांतून घोडा शोधला, धोतराच्या सोग्यानं पुसला आणि अदबीनं पुढं केला.

"घ्या वकीलसाहेब, तुमचा घोडा."

"आभारी आहे," सांबरेकर म्हणाले. त्यांनी घोडा बाजूला ठेवला आणि वजीर उचलून मांडला. "शह."

मास्तर हसले. वकिलानं थट्टा केली असं त्यांना वाटलं. मग त्यांनी पंचांकडं पाहिलं. पंच हसत नव्हते.

"प्यादं हवं ते होऊ शकतं," पंच म्हणाले. "मी वाचलं होतं."

"घोड्याच्या घरात वजीर? मग माझ्या घरात उद्या कोणबी येऊन उपेंद्र हुक्केरीकर व्हईल!"

"शह आहे, हुक्केरीकर. राजा हलवा."

पुढच्या शहात हत्ती गेला, मग उंट, मग प्यादं. वजिरानं मात बसली, म्हणजे निपाणीच्या हिशेबानं बेइज्जतीही पूर्ण झाली. परतीच्या सर्व्हिस मोटारीतून मास्तर निपाणीत उतरले. उतरताच त्यांनी सांगायला सुरुवात केली की बेळगावात दरोडा पडला. वखारीत तोच डाव पुन्हा मांडला गेला, प्याद्याचा घोडा केला गेला, मास्तरांनी प्यादेमात दिली आणि मालकांनी चहा पाजला.

पण गोष्ट तिथं मिटली नाही. सांबरेकरांच्या मातोश्रींनी समुद्र ओलांडण्याचं नाव निघताच अन्न सोडलं. वकिलानं सरळ सांगून टाकलं, मला जमत नाही, हुक्केरीकरांना पाठवा. संस्थानिकाची ना नव्हती. अट एकच होती. पंचांसमोर एक डाव विलायती नियमांनी खेळून जिंकून दाखवायचा, म्हणजे तिकडं पुन्हा शोभा नको.

पंच आणि सांबरेकर निपाणीला आले. मास्तरांच्या सोप्यावर पट मांडला. विडी कारखान्याला त्या दिवशी सुट्टी नव्हती, तरी निम्मा कारखाना रस्त्यात उभा होता. सांबरेकर बहुधा मन लावून खेळत नसावेत. मास्तरांचं प्यादं सहज पुढं गेलं आणि नेमकं घोड्याच्या घरात पोचलं.

"वजीर घ्या," सांबरेकर पुटपुटले. "एका शहात डाव संपतो."

मास्तरांनी वजीर उचलला. दाराआडून अंबूबाई मान हलवून हो म्हणत होत्या. रस्त्यात जोतिबा होता, वखारीचे मालक होते आणि दरोड्याची हकिगत तोंडपाठ झालेले सगळे होते. हा वजीर त्या घरात ठेवला तर बेळगावचा वजीरही खरा होत होता. मग दरोडा पडला नव्हता. मग मास्तर नुसतेच हरले होते.

त्यांनी वजीर खाली ठेवला आणि घोडा मांडला.

"हे घोड्याचं घर हाय," ते म्हणाले.

रस्त्यातून शिट्ट्या आल्या. घोड्यावर डाव जिंकता येईना. अर्ध्या तासात सांबरेकरांना तो नाइलाजानं जिंकावा लागला. पंचांनी टोपी घातली.

"विलायती नियमात घोडाही घेता येतो बरं का," निघताना सांबरेकर म्हणाले. "म्हणजे तुम्ही नियम बरोबर पाळलात."

हे मास्तरांच्या ध्यानात आलं नव्हतं. रस्त्यातल्या कोणाच्या ध्यानात यायच्या आत त्यांनी घाईनं पट उधळला.

अंबूबाई रिकाम्या कपबशा न्यायला बाहेर आल्या. "अहो, मी कोल्हापूरच्या आक्काला बोटीचं नाव सुदीक कळवलंतं," त्या म्हणाल्या.

"मग आता कळीव, बोट बुडाली."

"बोट कशाला बुडंल?" त्यांनी कपबशा उचलल्या. "कळवते, घोड्यावरनं पडले."