प्रेताची दृष्ट

आखातात, सित्र्याच्या एका कारखान्यात सदानंद तावडे स्टोअरकीपर होता. दिवसभर गोदाम सांभाळायचं आणि जाता-येता कंपनीच्या बसमध्ये मांडीवर वही ठेवून नाटक लिहायचं, असं अकरा वर्षं चाललं होतं. तिथल्या मराठी मंडळाच्या गणपतीतली एकांकिका दरवर्षी त्याचीच. काम मात्र त्याला उरलंसुरलं मिळे. गेली तीन वर्षं तर ओळीने प्रेताचंच. जिवंत माणसाने मेल्याचं सोंग घेतलं की काहीतरी मागे लागतं, म्हणून त्याची बायको लीना प्रयोग संपला की विंगेतच त्याच्यावरून मीठ-मोहऱ्या उतरवी.

यंदा त्याने तिला आधीच सांगून ठेवलं होतं, पुडी आणू नकोस, यंदा मी जिवंत आहे.

फाल्गुनात देवगडला त्याचा थोरला भाऊ गेला. स्टोअरचं ऑडिट होतं, रजा मिळाली नाही. भावाच्या उशाशी बसून बोलायचं राहिलं ते सगळं त्याने नाटकात घातलं. धाकटा भाऊ थोरल्याच्या प्रेताशी दोन पानं बोलतो, एवढंच नाटक. धाकट्याचं काम त्याने स्वतःसाठी ठेवलं. टाळ्या नको होत्या त्याला. एकदा ते मोठ्याने बोलून टाकायचं होतं.

प्रयोगाला आठ दिवस उरले आणि मंडळाचे अध्यक्ष सलील गुप्ते तालमीला आले. अमवाजच्या श्रीमंत वस्तीत राहणारे, बँकेतले बडे साहेब. हॉल त्यांच्याच ओळखीने मिळालेला. त्यांनी ती दोन पानं वाचली, आवडली, म्हणाले हे मी करतो. सदानंदने अडखळत भावाचं सांगितलं.

"अरे, मग तर तू रडशील," सलीलराव म्हणाले. "तू आपलं प्रेतच कर. त्यात तुझा हात कोण धरणार?"

प्रयोगाला सदानंद नाकात कापूस घालून पांढऱ्या चादरीखाली आडवा झाला. सलीलरावांनी पहिलं पान बरं म्हटलं. दुसऱ्यावर अडले. प्रॉम्प्टरला पान सापडेना. हॉल चिडीचूप. आपला दादा असा ताटकळत पडलाय आणि त्याच्याशी कुणी बोलेना, हे सदानंदला सोसवेना. चादरीखालूनच तो म्हणाला, "दादा, उशीर झाला, पण आलो बघ."

कापसामुळे आवाज गेंगाणा निघाला. हॉलभर हशा पिकला. सलीलराव त्या हशाने खुलले. वाकून त्यांनी चादरीवर टिचकी मारली.

"तू कसला आलास? तू तर गेलास ना?"

लोक डोळे पुसपुसून हसले. त्याच हशात पडदा पाडला. उरलेलं पान बोलायचं राहूनच गेलं.

विंगेत लीना पुडी घेऊन उभी होती. सलीलराव मधेच आले आणि तिच्यापुढे मान वाकवली. "वहिनी, माझी काढा. मेलेल्याला कुणाची दृष्ट लागणार?"

सगळी मंडळी पुन्हा हसली. लीनाने नवऱ्याकडे पाहिलं. त्याच्या नाकात अजून कापूस होता.

"काढ," तो म्हणाला.

देवाचं नाव घेत तिने तीनदा उतरवलं. पुडीत एकापुरतंच मीठ होतं.