रिठे सोडा

सरोजिनीबाई केस रंगवतात, यावर विहारातल्या बायकांनी पुष्कळ तोंडसुख घेतलं होतं. सत्तरीला टेकलेली बाई, घरात सून, गुडघे कुरकुरतात, आणि डोकं बघा तर काळंभोर. कुणी म्हणे हौस आहे, कुणी म्हणे पेन्शन उतू जाऊन राहिली. लोकांच्या तोंडाला हात कोण लावणार? सरोजिनीबाईंनी कधी लावला नाही. ज्याचं जळतं त्याला कळतं, एवढं म्हणून त्या चपला घालायच्या आणि जबलपूरच्या गोरखपूर मोहल्ल्यातल्या आपल्या घराकडे चालू लागायच्या.

हौस कसली आली! रंग होता तो नारायणरावांसाठी.

नारायणराव म्हणजे त्यांचे यजमान. पुलगावच्या मुलीशी लग्न करून तिला जबलपुरात आणलं, तेव्हा ते संरक्षण खात्याच्या कारखान्यात फिटर होते. निवृत्त झाले, त्यानंतर काही वर्षांनी हळूहळू विसरायला लागले. आधी चष्मा, मग रस्ता, मग मुलाचं नाव. अश्वजीत समोर आला की त्याला ते कारखान्यातला नवा पोरगा समजायचे आणि कामाला लावायचे. अश्वजीतला वाईट वाटलं, पण त्यानं हसून निभावलं. मग एकदा सरोजिनीबाईंना ताप आला, सणावाराला लावायच्या तो कलपही तीन-चार महिने राहिला, आणि डोकं पांढरं झालं. नारायणराव त्यांच्याकडे बघून म्हणाले, "आत्याबाई, सरू कुठं गेली?"

पांढऱ्या केसांची बाई म्हणजे त्यांना लहानपणची आत्याच आठवायची. त्यांच्या डोक्यात बायको काळ्या केसांचीच राहून गेली होती. सरोजिनीबाईंनी रंग लावला, वेणी घातली, समोर येऊन बसल्या, तर हा माणूस लगेच म्हणाला, "कुठं होती गं? भूक लागली मले." त्या दिवसापासून रंगाला खंड नाही. जेवायचे ते सरूच्या हातचं, आंघोळ करायचे ते सरू असली तरच. बाकी कुणी जवळ गेलं की अंग चोरायचे, तोंड घट्ट मिटून घ्यायचे.

पण रंग काही सुखानं नांदू देईना. कडक रंग लावला की सरोजिनीबाईंच्या कानामागे पुरळ उठायचं. नेपियर टाउनच्या डॉक्टरीणबाईंनी सांगितलं, सौम्यातला सौम्य रंग घ्या आणि तोही फार दिवसांनी लावा. आता सौम्य रंग म्हणजे धुतला की उतरणारा. दुकानातल्या शांपूनं दोन धुण्यांत कपाळावरचा भाग गंजलेल्या खिळ्यासारखा व्हायचा. पुढचा रंग लावायला तर अजून किती तरी अवकाश. तेवढे दिवस काढायचे कसे?

मग बाई लागल्या प्रयोगाला. विंचरताना निघालेल्या रंगीत केसांची बट दोऱ्यानं बांधायची, वाटीतल्या पाण्यात बुडवून ठेवायची, आणि पाण्याला रंग सुटतो का ते बघायचं. रिठ्याच्या पाण्यात बट टाकली, पाणी चहासारखं झालं. रिठे बाद. नुसत्या शिकेकाईत रंग टिकला, पण केस राठ. मग त्यात जवस आले. जवस उकळून घट्ट बुळबुळीत झाले की गरम असतानाच पातळ फडक्यातून गाळायचे. निवले की गाळलेच जात नाहीत, फडकंच फेकावं लागतं. त्यात जास्वंदीची कुस्करलेली पानं आणि शिकेकाईचं पाणी. फेस जवळजवळ नाहीच. कोमट पाण्यानं हलकेच चोळायचं, चोळायचं म्हणजे लहान पोराचं डोकं धुतो तसं. बाटली फ्रिजमध्ये, आणि आठवड्यात संपवायची. त्या बाटलीच्या जोरावर सरोजिनीबाई आपल्या नवऱ्याच्या ओळखीत टिकून होत्या. बाई, टिकून होत्या म्हणजे काय ते ज्यानं भोगलं त्यानंच जाणावं.

ही कृती विहाराच्या महिला मंडळातल्या बायकांनी मागितली. नावं ठेवणाऱ्यांनीच मागितली, हे विशेष! सरोजिनीबाईंनी मोबाईलवर बोलून पाठवून दिली: "ऐका बरं का. रंगवलेले केस असतील तर रिठे सोडा, शिकेकाई घ्या, मूठभर जवस घ्या, जास्वंदीची पानं घ्या..." एकतानंही ती ऐकली, कारण मंडळाच्या ग्रुपमध्ये तिचंही नाव होतं.

एकता म्हणजे अश्वजीतची बायको. घरचे आपलेच, भंडाऱ्याकडचे, पण तीन पिढ्या जबलपुरात गेलेल्या. पोरगी हिंदीत वाढली. मराठी कळायची, बोलायला गेली की घसरायची. लग्न होऊन आली त्या वर्षी तिनं पाहुण्यांसमोर "सासूबाई वाळून राहिल्या" म्हटलं होतं. तिला म्हणायचं होतं, सासूबाई कपडे वाळत घालून राहिल्या. घरभर हशा झाला. सरोजिनीबाईही पोट धरून हसल्या होत्या. तेव्हापासून एकतानं एक सवय लावून घेतली. कळलं नाही तरी मान हलवायची, "हो मम्मी" म्हणायचं, आणि पुन्हा म्हणून विचारायचं नाही.

त्या थंडीत सरोजिनीबाई मागच्या ओट्यावरून घसरल्या आणि उजवा हात प्लास्टरमध्ये गेला. बाटलीतला घरचा शांपू संपलेला. डोकं खाजत होतं. एकताला वाटलं, आपण करू. मम्मीला विचारलं तर म्हणतील, राहू दे, तुला नाही जमायचं. तिनं मोबाईल कानाला लावला, पुन्हा पुन्हा ऐकलं, आणि सामान मनात घोकलं: रीठे, सोडा, शिकाकाई, जवस, जास्वंद.

'ध'चा 'मा' व्हायला राजवाडाच लागतो असं काही नाही. दोन भाषांचं एक घर पुरतं. सासूच्या तोंडचं 'सोडा' म्हणजे टाकून द्या. सुनेच्या कानातला सोडा दुकानात पुड्यांमध्ये मिळत होता.

दुकानदारानं विचारलं, "दीदी, खाने वाला कि धोने वाला?"

एकता म्हणाली, "बाल धोने हैं, भैया."

"तो फिर धोने वाला ले जाइए," तो म्हणाला, आणि कपड्यांच्या सोड्याची पुडी त्यानं सामानात टाकली.

रविवारी सकाळी सरोजिनीबाई न्हाणीत पाटावर बसल्या, डोळे मिटले, मान खाली घातली. एकता धुऊन देत होती. इतक्या मायेनं की सरोजिनीबाईंना आपली आई आठवली.

"फेस फार येऊन राहिला गं," त्या म्हणाल्या.

"अच्छा है न मम्मी? मैंने खुद बनाया. तुमचं ऐकून बनवली."

शांपू 'बनवली' म्हणाली पोरगी, पण मराठीत म्हणाली, याचं सरोजिनीबाईंना कौतुक वाटलं. शिकेकाई ताजी असेल, त्यांनी मनाशी म्हटलं. मग टाळूला चरचर झाली. मग आग. डोळे उघडले तर मोरीकडे जाणारं पाणी तपकिरी काळं. त्यांनी डावा हात केसांना लावला, तर केस ताठ काथ्यासारखे लागले.

"काय घातलं यात?"

एकतानं सगळं ओळीनं सांगितलं. रीठे. सोडा. सरोजिनीबाईंनी भरभर पाणी ओतून घेतलं, किती तरी बादल्या. एकताला चूक तेव्हाही कळली नव्हती. ती अश्वजीतनं दुपारी समजावून सांगितली, तेव्हा ती स्वयंपाकघरात ओट्याशी उभी राहून रडली, आवाज न करता.

डॉक्टरीणबाईंनी टाळू बघितली. जागोजागी सोललेली. मलम दिलं आणि म्हणाल्या, "आता रंग बंद. कायमचा. पुन्हा लावलात आणि डोळ्यांपर्यंत सूज गेली तर मला दोष देऊ नका."

घरी आल्या तेव्हा नारायणराव खाटेवर बसले होते. सरोजिनीबाईंच्या डोक्यावर पिवळट पांढरे केस. त्यांनी बघितलं आणि सावरून बसले, परक्या बाईसमोर बसतात तसे.

"कोण पाहिजे तुम्हाला?"

"अहो, मी आहे ना. सरू."

"सरू बाहेर गेली," ते म्हणाले. मान दुसरीकडे वळवली.

संध्याकाळी ताट घेऊन गेल्या, त्यांनी तोंड मिटून घेतलं. सकाळी पुन्हा तेच. अश्वजीतनं केसांचा टोप आणला, तो घालून समोर गेल्या, तर ते घाबरून म्हणाले, "हे काय घालून आल्या डोक्यावर?" डोक्यावरून पदर घेतला, तर त्यांना वाटलं शेजारची मिश्राईन आली, आणि हिंदीत म्हणाले, "चाची, वो घर पर नहीं है." एकतानं भरवून पाहिलं, अश्वजीतनं रागावून पाहिलं. चहाचे दोन घोट, बस. रात्री अंथरुणात सरोजिनीबाईंना वाटलं, मी मेले असते तर निदान त्याला कुणी तरी सांगितलं तरी असतं. जिवंतपणी हरवलेल्या बायकोची खबर कोण देणार?

सुनेवर त्या चिडल्या नाहीत असं म्हणणं खोटं होईल. चिडल्या. एक अख्खा दिवस तिच्याशी बोलल्या नाहीत. मग एकता मलम लावायला आली आणि म्हणाली, "मम्मी, मी विचारलं पाहिजे होतं. मला वाटलं तुम्ही हसाल."

सरोजिनीबाईंनी तिचा हात धरून ठेवला. "मी हसलेच असते," त्या म्हणाल्या. "चुकलंच माझं. इथून पुढं विचार, बेटा. हसले तरी विचार."

दुसऱ्या दिवशी दुपारी नारायणराव खाटेवर तसेच उपाशी बसून होते. सरोजिनीबाई बराच वेळ स्वयंपाकघराच्या दारातून त्यांच्याकडे बघत राहिल्या. मी आहे, मी आहे, असं किती सांगायचं या माणसाला? त्याला पटत नाही, आणि तो खोटंही बोलत नाही. त्याच्यापुरती ही बाई परकीच आहे. मग त्यांनी धुतलेलं लुगडं नेसलं, पायात बाहेरच्या चपला घातल्या, मागच्या दारानं निघाल्या, गल्लीला वळसा घातला आणि पुढच्या दाराची घंटी वाजवली.

एकतानं दार उघडलं आणि बघतच राहिली.

"नारायणराव घरी आहेत का?" सरोजिनीबाईंनी विचारलं.

नवऱ्याचं नाव त्यांनी लग्नात उखाण्यात घेतलं होतं, तेवढंच. त्यानंतर जन्मभर 'हे' आणि 'अहो'. विचारताना जीभ अडली, पण आवाज निघाला.

आतून नारायणराव उठून उभे राहिले. "या, या. कुठून आल्या?"

"पुलगावहून."

"पुलगाव!" त्यांचा चेहरा उजळला. "अहो, आमची सासुरवाडी ती. बसा ना. जेवल्या का?"

"नाही जी. गाडीतून उतरले ते सरळ इकडेच आले."

"मग असं कसं चालंल? पोरी, ताटं वाढ. दोन वाढ," ते एकताला म्हणाले. "पाहुण्याला एकट्यानं जेवू द्यायची रीत नाही आमच्यात."

ताटं आली. सरोजिनीबाईंनी घास घेतला नाही, डाव्या हातानं ताटाची कड धरून बसून राहिल्या. "तुम्ही सुरू केल्याशिवाय मी कशी सुरू करू?" त्या म्हणाल्या. नारायणरावांनी पोळी तोडली, वांग्याच्या भाजीत बुडवली आणि खाल्ली. मग दुसरा घास. सगळी पोळी संपली, वर भात मागितला. मध्येच पाहुणीच्या प्लास्टरकडे बघून त्यांनी तिची पोळी कुस्करून दिली. एकता दाराआड तोंडावर ओढणी धरून उभी होती.

हात धुऊन आल्यावर ते जरा जवळ सरकले. "एक सांगू का? आमच्या घरचीले नका सांगू मी उपाशी होतो म्हणून. लय जीव लावते, उगाच रडंल."

"नाही सांगत."

"नाव काय म्हणाल्या तुमचं?"

"सरोजिनी."

"काय म्हणता! तिचं बी हेच नाव." ते मनापासून हसले. मग दाराकडे बघू लागले. "बाहेर गेली आहे, येईलच. भेटल्याशिवाय जाऊ नका. तिले माहेरचं माणूस भेटलं की फार बरं वाटते."

"उशीर झाला तिला तर?"

नारायणरावांनी विचार केला. त्यांचा चेहरा उतरला. सरोजिनीबाईंनी चपला काढून दाराशी ठेवल्या, खाटेवर त्यांच्या शेजारी येऊन बसल्या आणि त्यांच्याबरोबर दाराकडे बघू लागल्या.

"होऊ द्या उशीर," त्या म्हणाल्या. "ती येईपर्यंत मी बसते."