लॉर्ड सबनीसांचं पहिलं भाषण

लॉर्ड सबनीसांवर लिहायचा मला खरं तर अधिकार नाही. त्यांना माझ्यापेक्षा जास्त ओळखणारे पुष्कळ आहेत आणि त्यांनी चांगलं लिहिलंही आहे. माझं मराठी कॉव्हेंट्रीतल्या घरात शिकलेलं. हे लिखाण आईने तपासून दिलं आहे. आमच्या घरात युनिव्हर्सिटीत गेलेला मी पहिला, त्यामुळे मोठ्या माणसांबद्दल कसं लिहितात हेही नीट ठाऊक नाही. चुकलं तर सांभाळून घ्यावं.

त्यांना आपल्या कामगारांच्या मुलांची नावं पाठ असत. बिस्किटांच्या एका कंपनीचे ते प्रमुख होते आणि आमच्या भागातला कारखाना त्याच कंपनीचा. लंडनहून आले की डोक्याला जाळी घालून आधी भट्ट्यांपाशी जायचे. धाकटीचा ताप उतरला का, थोरल्याची परीक्षा कशी गेली, सगळं विचारायचे. पप्पा तिथे फोरमन होते. "साहेबांनी आज निखिलची चौकशी केली," असं घरी येऊन सांगताना त्यांचा चेहरा उजळलेला असे. निखिल म्हणजे मी. कारखाना बंद केला त्या दिवशीही साहेब स्वतः आले. प्रत्येकाला मुलांबद्दल विचारलं आणि मग हातात नोटीस दिली.

त्याच्या काही महिने आधी, अफवा उठल्या तेव्हा, त्यांनी पप्पांना एकट्याला ऑफिसात बोलावलं होतं. "जाधव, कारखाना कुठेही जात नाही. तुम्हीच सांगा सगळ्यांना. आपल्या माणसाकडून ऐकलं की लोक शांत बसतात." पप्पांनी प्रत्येक शिफ्टला सांगितलं. दोन घरं सोडून राहणाऱ्या, कारखान्यातल्याच बलबीर अंकलना तेव्हा गाड्यांचे सुटे भाग बनवणाऱ्या कंपनीत नोकरी मिळत होती. पप्पांच्या शब्दावर त्यांनी ती नाकारली. पुन्हा तशी मिळाली नाही. दत्ताला, म्हणजे पप्पांना, सगळं आधीच माहीत होतं, असं ते गुरुद्वाऱ्यात, दुकानात, भेटेल त्याला सांगत. पप्पांशी बोलणं त्यांनी सोडलं. मग हळूहळू सगळ्या रस्त्यानेच सोडलं.

पुढे साहेब लॉर्ड झाले, म्हणजे पार्लमेंटच्या वरच्या सभागृहाचे सदस्य. लॉर्डच्या सनदेत नावाबरोबर एखादं ठिकाण लिहिलेलं असतं, ते त्याने स्वतः निवडायचं असतं. साहेबांनी आमचा भाग निवडला. "तिथल्या माणसांनी मला घडवलं," असं त्यांनी मुलाखतीत सांगितलं. कारखान्याच्या जागी तेव्हा फ्लॅट उभे राहत होते.

मी लंडनला राज्यशास्त्र शिकत होतो. त्यांना माहिती गोळा करून द्यायला मदतनीस हवा होता, मी अर्ज केला. आडनाव वाचून त्यांनी चष्म्यावरून पाहिलं. "जाधवांचा निखिल. गणितात कच्चा होतास ना?" मला नोकरी मिळाली. ते माझ्याशी वाईट कधीच वागले नाहीत, हे लिहायलाच हवं. टायची गाठ मला त्यांनी शिकवली. पार्लमेंटात चालताना हातात कागद असावेत, म्हणजे कोणी अडवत नाही, हेही त्यांनीच सांगितलं. "इथे कोणी कोणाला खोटारडा म्हणत नाही रे," ते हसून म्हणायचे. "आपली आठवण थोडी वेगळी आहे, एवढंच म्हणायचं."

त्यांचं पहिलं भाषण ठरलं तेव्हा पप्पांनी फोन केला. बराच वेळ हवापाण्याचं बोलले. मग म्हणाले, "साहेबांना विचार, एक वाक्य बोलतील का. जाधवला माहीत नव्हतं, एवढंच." सभागृहातलं बोलणं छापलं जातं, ते कायम राहतं. ते छापलेलं पान पप्पांना बलबीर अंकलच्या हातात द्यायचं होतं. मी घाबरत विचारलं. साहेब म्हणाले, "त्यात काय? तूच लिही." मी लिहिलं. त्यांनी वाचून मान डोलावली.

पप्पा नवा सूट घालून आले. गॅलरीत पाहुण्यांनी आवाज करायचा नसतो आणि पहिल्या भाषणात सदस्यही कोणी मध्ये बोलत नाहीत. साहेब छान बोलले. शेवटाकडे वर पाहून म्हणाले, "माझे फोरमन दत्ता जाधव आज इथे आहेत. काय होणार हे ठाऊक असूनही त्यांनी आपली माणसं शांत ठेवली. असा धीर फार थोड्यांकडे असतो." "हिअर, हिअर" असा पसंतीचा आवाज उठला. पांढऱ्या केसांची डोकी गॅलरीकडे वळली. काय करावं ते न कळून पप्पांनी हात जोडले.

बाहेर मी साहेबांना गाठलं. सर, वाक्य असं नव्हतं, एवढंच म्हणालो.

"अरे, माहीत नव्हतं म्हणजे काय? फसवला गेलेला माणूस. असं नाव छापायचं तुझ्या वडिलांचं? मी त्यांना शहाणं केलं." मग आवाज खाली आणून म्हणाले, "आणि त्यांना माहीत नव्हतं म्हटलं, की कोणाला माहीत होतं, हे लोक विचारणार. तू हुशार आहेस, कळेल तुला."

तेवढ्यात पप्पा आले. साहेबांनी त्यांच्या खांद्यावर हात ठेवला. "खूश ना, जाधव?"

"हो, साहेब," पप्पा म्हणाले.

ट्रेनमध्ये ते खिडकीतून बाहेर बघत बसले. रग्बी स्टेशन गेल्यावर म्हणाले, घाईत राहून गेलं असेल, पुन्हा बोलतील तेव्हा दुरुस्त करतील. मी महिनाअखेर नोकरी सोडली. त्या भाषणाची क्लिप आमच्या रस्त्यावर फोनाफोनांतून फिरली. पप्पा दूध आणायला लांबच्या दुकानात जाऊ लागले. साहेब पुढे पुष्कळदा बोलले, रेल्वेवर, साखरेवरच्या करावर. प्रत्येक भाषण पप्पा लॅपटॉपवर शेवटपर्यंत ऐकत.

या हिवाळ्यात मी घरी असताना एका सकाळी बेल वाजली. दारात बलबीर अंकल होते, काठी घेऊन. पप्पांनी घाईघाईने दार पूर्ण उघडलं, आत या म्हणाले, मला चहा ठेवायला सांगितलं. अंकल पायरीवरच उभे राहिले.

"चाय नहीं," ते म्हणाले. "रेडियो पे सुना. तेरे लॉर्ड साहब गुज़र गए. अब तू जो चाहे बोल, दत्ता."