चुन्याच्या रेघेअलीकडचं घर

आमच्या गुरुजींचा देवावर बेताचाच विश्वास होता, पण त्रैराशिकावर मात्र अढळ होता. एका रुपयाला डझनभर केळी, तर पाच रुपयांना किती, हे गणित सातवीपर्यंत सगळ्यांनाच येतं आणि मग शहाणा माणूस ते बाजारापुरतं ठेवून देतो. गुरुजींनी ते जन्मभर, दिसेल त्या गोष्टीला लावलं. एकदा कंपाउंडरने त्यांना रोज एक याप्रमाणे दहा दिवसांच्या गोळ्या दिल्या. गुरुजींनी मांडणी केली: एक गोळी तर दहा दिवस, दहा गोळ्या तर एक दिवस. सकाळी दहाही गोळ्या घेतल्या आणि पुढचे तीन दिवस लोटा घेऊन नाल्याच्या वाटेवर काढले. आमच्या वर्गाला तीन दिवस सुट्टी मिळाली. चौथ्या दिवशी वाळून आलेले गुरुजी म्हणाले, ‘‘दुखनं तं गेलं ना! उत्तर बरोबरच आलं.’’

कामरगावच्या शाळेत ते आम्हाला सातवीला होते. एकाहत्तर-बहात्तरचं साल असेल. आमच्या वस्तीतून सातवीपर्यंत टिकलेली मुलगी मी एकटीच. माझे वडील रस्त्यावर मैलकुली होते. त्यांच्या वाट्याच्या मैलांतले खड्डे बुजवायचे आणि मैलाच्या दगडांना चुना लावायचा, ही त्यांची सरकारी नोकरी. माझं अक्षर चांगलं होतं, गणित त्याहून चांगलं होतं, आणि मला दोन्हींचा गर्व होता. नम्र मुलगी म्हणून मला कोणी आठवत असेल, तर तो दुसऱ्या कुणाबद्दल बोलत असावा.

गुरुजींनी रिटायर व्हायला पाच वर्षं उरली असताना घर बांधायला काढलं. चार मजुरांना एक भिंत आठ दिवस, तर सोळा मजुरांना दोन दिवस, म्हणून त्यांनी सोळा मजूर बोलावले. गवंडी एकच होता. चार जण त्याच्या हाताखाली राबले, बारा जण लिंबाखाली बसून चहा प्याले, आणि भिंत आठव्या दिवशीच उभी राहिली. मजुरी मात्र सोळांची लागली. ‘‘मजूर कामचोर होते, गनितात खोट नाई,’’ असा निकाल गुरुजींनी दिला. मजुरांना दोष देण्याची ही सोय त्यांच्या गणितात कायमची होती.

पैसे त्यांनी तालुक्याच्या एका घरबांधणी सोसायटीकडून उचलले, घर गहाण ठेवून. बारा हजार रुपये, दरसाल दर शेकडा दहा टक्के, वीस वर्षं, हप्ता एकशे अठरा. रिटायर झाल्यावर काय करणार, असं सोसायटीने विचारलंच. गुरुजींनी आसेगावच्या शेतातला आपला वाटा दाखवला आणि पाच वर्षांनी शेत विकून एकरकमी फेडीन असं लिहून दिलं. कराराची एक प्रत घरी असावी म्हणून त्यांनी ती माझ्याकडून उतरवून घेतली, अक्षर चांगलं म्हणून. सहा पानं मी शाईच्या पेनाने लिहिली. नवव्या कलमात होतं: ‘भरलेली रक्कम प्रथम त्या त्या वर्षाच्या व्याजात जमा होईल व उरेल ती मुद्दलात.’ मी ते दोनदा वाचलं. गुरुजींनी एकदाही वाचलं नाही, कारण त्यांना हवा असलेला आकडा पहिल्याच पानावर होता. ‘‘हप्ता एकशे अठरा फक्त,’’ असं ते भेटेल त्याला सांगत. ‘‘भाड्याचे साठ पान्यात जात होते. आता दर महिन्याले ईट न् ईट आपली होऊन राह्यली.’’

ईट न् ईट म्हणजे किती, याचंही त्यांनी त्रैराशिक केलं होतं. घराची लांबी दारापासून मागच्या भिंतीपर्यंत चाळीस फूट. वीस वर्षांत चाळीस फूट, तर एका वर्षात दोन फूट, एका महिन्यात दोन इंच. मग ओसरीच्या भिंतीवर जो गेरूचा पट्टा होता, त्यावर त्यांनी चुन्याची उभी रेघ मारली. रेघेच्या अलीकडचं घर आपलं, पलीकडचं सोसायटीचं. दर महिन्याला हप्ता भरून आले की जुनी रेघ ओल्या फडक्याने पुसायची आणि दोन इंच पुढे नवी मारायची. दुसऱ्या दिवशी वर्गात बातमी मिळायची, ‘‘काल खुंटी आपली झाली.’’ लोक मुद्दाम रेघेच्या पलीकडे जाऊन बसत आणि विचारत, ‘‘गुरुजी, आमी सोसायटीत बसलो. चहा भेटन का तिकडूनच आनाव लागन?’’ गुरुजी हसत. काकू, म्हणजे गुरुजींच्या बायको, हसत नसत. त्या म्हणत, ‘‘माह्या चुलीपर्यंत रेघ यायले मी बुढी होतो.’’

पाच वर्षांनी किती फेडायचं, हे तर सरळच होतं. वीस वर्षांत बारा हजार, तर पाच वर्षांत तीन हजार. उरले नऊ हजार. गुरुजींनी आसेगावच्या चुलतभावाशी लगेच कागद केला: पाच वर्षांनी शेताचा वाटा नऊ हजारांत देईन. काकू म्हणाल्या, ‘‘आज कागद काहून करता? तवापर्यंत भाव वाढला तं?’’ गुरुजी म्हणाले, ‘‘मले नऊच लागते. जास्तीचे घेऊन काय लोनचं घालू?’’

कागद झाला आणि पुढच्याच आठवड्यात आमची वार्षिक परीक्षा आली. गणिताच्या पेपरात शेवटचा प्रश्न आठ गुणांचा. ‘एका गृहस्थाने घरासाठी बारा हजार रुपये कर्ज काढले...’ पुढे तेच सगळं. गृहस्थाचं नाव तेवढं नव्हतं. पाच वर्षांनी किती कर्ज उरेल? सगळ्या वर्गाकडून आपल्या शहाणपणावर शिक्का मारून घ्यायचा होता त्यांना. मी नववं कलम आठवलं आणि वर्षावर वर्ष मांडत गेले. पहिल्या वर्षी भरले चौदाशे सोळा; त्यातले बाराशे व्याजात गेले, मुद्दल उतरलं दोनशे सोळा. असं पाच वर्षं. उत्तर आलं दहा हजार सहाशे एक्याऐंशी रुपये तीस पैसे. सात हजार ऐंशी भरून गृहस्थाचं कर्ज फिटलं तेराशे एकोणीसच्या आत. मला इतका आनंद झाला की उत्तराखाली मी आगाऊपणाने एक ओळ जास्तीची लिहिली: ‘म्हणून रेघ दहा फुटांवर नव्हे, साडेचार फुटांच्या आत हवी.’

पेपर परत मिळाला तेव्हा त्या गणितावर लाल शाईची फुली होती, या कोपऱ्यापासून त्या कोपऱ्यापर्यंत. बाजूला शेरा: ‘कल्पनाशक्ती फार. गणितात चालत नाही.’ आठपैकी शून्य. मी पेपर घेऊन टेबलाशी गेले. ‘‘गुरुजी, नवव्या कलमात लिवलं हाय.’’ गुरुजींचा चेहरा क्षणभर उतरला. तेवढ्या एका क्षणाने मला नंतर कितीतरी वर्षं छळलं. मग ते म्हणाले, ‘‘कलम मले शिकवतं का वं, सुमन? बस खाली.’’ शब्द दिलेला होता, कागद झालेला होता. माझं उत्तर बरोबर ठरलं असतं, तर शेत चुकलं असतं.

पहिला नंबर कुंदनचा आला, माझ्यापेक्षा तीन गुणांनी. कुंदन गावातल्या जैन कापडवाल्याचा मुलगा. स्वातंत्र्यदिनाला पहिल्या नंबराला कंपासपेटी मिळायची, ती त्याला मिळाली. मी त्याला विचारलं, ‘‘तू नऊ हजार काहून लिवलं? तुह्या घरी तं व्याजाचं समजते.’’ तो शांतपणे म्हणाला, ‘‘घरी बापूजीनं बी हेच इचारलं. मी म्हटलं, उत्तर मले मालूम होतं, पन गुन गुरुजी देते.’’ या मुलाने पुढे फार मोठं दुकान काढलं, यात मला कधीच आश्चर्य वाटलं नाही.

घरी मी रडले, म्हणजे आदळआपट केली. वडील जेवत होते. म्हणाले, ‘‘मैलाचा गोटा कोनी उलटा लावला म्हून गाव जवळ येत नाई, माय. जाऊ दे.’’ मी जाऊ दिलं नाही. जाऊ देणं माझ्या स्वभावातच नव्हतं, आणि गुरुजींनीही जाऊ दिलं नाही. त्यांनी माझा पेपर ठेवून घेतला आणि दर वर्षी सातवीला तो दाखवून सांगू लागले, ‘‘अशी मांडनी करू नये.’’ वर दहा हजार सहाशे एक्याऐंशी रुपये तीस पैसे हा आकडा मोठ्याने वाचत, वर्ग हसेपर्यंत. माझा धाकटा भाऊ त्या वर्गात गेला तेव्हा त्यालाही हसावं लागलं. खरं सांगते, त्या वर्षी मी गुरुजींचा मनापासून द्वेष केला.

पाच वर्षं झाली. रेघ दहा फुटांवर, बरोबर खिडकीच्या चौकटीला टेकली. गुरुजी रिटायर झाले. शेतांचे भाव तोवर चढले होते, पण चुलतभाऊ सज्जन माणूस. त्याने शब्द पाळला आणि नऊ हजारच दिले. गुरुजी कोट घालून, नऊ हजार कमरेला बांधून सोसायटीत गेले. काकू सोबत होत्या, तिथला प्रसंग त्यांनीच मला पुढे सांगितला. कारकुनाने खातं उघडलं, चिठ्ठीवर आकडा लिहिला आणि चिठ्ठी सरकवली. गुरुजींनी ती वाचली आणि खुर्ची नसतानाच खाली बसायला गेले. आकडा त्यांच्या ओळखीचा होता. पाच वर्षं त्यांनी तो वर्गात मोठ्याने वाचला होता, तीस पैशांसकट.

कमी पडलेले सोळाशे एक्याऐंशी काकूंच्या पाटल्यांतून आले. घर सुटलं. त्या संध्याकाळी काकूंनी ओल्या फडक्याने गुरुजींची रेघ पुसली आणि स्वतः चुना कालवून स्वयंपाकघराच्या दाराशी नवी मारली. ‘‘हे इकडचं माह्या पाटल्याइचं घर हाय,’’ त्या म्हणाल्या. ‘‘पाय पुसून यायचं, अन् इचारून यायचं.’’ गुरुजी त्या दिवसापासून दारात उभे राहून चहा मागत. सगळ्या गावाला घर किती हजारांत पडलं विचारायची सवय होती. पूर्वी ते ‘‘बारा हजार’’ सांगायचे, आता सतरा हजार सातशे एकसष्ट सांगू लागले, हप्ते, शेत आणि पाटल्या धरून. एखाद्याने हसून म्हटलं, ‘‘काहून जी, वाढलं काय?’’ की म्हणत, ‘‘होतंच तेवढं. मले वाचता येत नव्हतं.’’

माझी बारावीची परीक्षा झाली होती. एका सकाळी गुरुजी आमच्या वस्तीत आले. पूर्वी कधी आले नव्हते. आईने चहा टाकला, तो त्यांनी बशीत न ओतता कपानेच, भराभर प्यायला. मग पिशवीतून माझा पेपर काढला. फुलीवर फुली मारून ती खोडलेली होती आणि बाजूला नवी शाई होती: ‘आठपैकी १२.८८’. खाली सही.

‘‘आठपैकी बारा कसे, गुरुजी?’’ मी विचारलं.

‘‘तुहे आठ गुन पाच वर्षं माह्याकडे वापरले गेले ना. दहा टक्क्यानं व्याज लावलं. मांडनी मागं हाय. तपास अन् मले सांग.’’

मी कागद उलटवला. वर्षावर वर्ष, माझ्याच पद्धतीने मांडणी होती. एका नजरेत कळलं की बरोबर आहे. त्रैराशिकाने बारा झाले असते. वरचे अठ्ठ्याऐंशी शतांश गुरुजींनी म्हातारपणी शिकून मिळवले होते. एवढंच म्हणायचं होतं, ‘बरोबर आहे, गुरुजी.’ पण मला भावाचं हसणं आठवलं, कंपासपेटी आठवली, आणि मी म्हणाले, ‘‘पाहीन फुरसतीनं.’’ गुरुजी मान हलवून उठले आणि निघून गेले.

मग मी नोकरीला अकोल्याला गेले. फुरसत मला कधी मिळाली नाही, काढायचीच नव्हती. दोन वर्षांनी गुरुजी गेल्याचं पत्र आलं, तेव्हा तो पेपर ट्रंकेतून काढून मी कामरगावला गेले. काकू स्वयंपाकघरात होत्या, हातात काचेच्या बांगड्या; गुरुजी गेल्यावरही त्यांनी त्या फोडल्या नव्हत्या. मी दाराशी पाय पुसले आणि विचारून आत गेले.

‘‘आली का वं,’’ काकू म्हणाल्या. ‘‘दर महिन्याले इचारत होते. पोस्टमन दिसला का इचारत, सुमनचं पत्र हाय का? म्या म्हनाव, कायले पाह्यजे तिचं पत्र? तं म्हनत, माहा पेपर तपासाले गेला हाय.’’

फळीवर त्यांची लाल शाईची दौत आणि टाक तसाच होता. मी पेपर काकूंच्या पाटावर उलटा पसरला, गुरुजींची मांडणी वरपासून खालपर्यंत एकेक ओळ तपासली, आणि खाली बरोबरची खूण केली.