बर्लिनची भिंत फाडणारे काका

गिरावीनच्या समस्त रहिवाशांना अत्यंत गांभीर्याने कळवण्यात येत आहे, की बर्लिनची भिंत पडली आहे.

बातमी जुनी आहे, कबूल. पण गिरावीन या आमच्या परदेशी उपनगरात समोरच्या घरातले काका ती अशा आवाजात द्यायचे, की हातातला चहाचा कप खाली ठेवून सावधान उभं राहावंसं वाटे. मी सकाळी कचऱ्याची बिन आत घेत असायचे आणि रस्त्यापलीकडून घोषणा यायची. कधी भिंत पडायची, कधी रशियन फौजा अफगाणिस्तानातून निघायच्या, कधी बीजिंगच्या चौकात रणगाडे शिरायचे. साल मात्र एकच, एकोणीसशे एकोणनव्वद. त्यानंतरही जगात काही घडलंय, हे काकांना फारसं मान्य नव्हतं.

त्या साली काका मुंबईत एका वर्तमानपत्राच्या टेलिप्रिंटरवर कामाला होते. परदेशातली बातमी तारेने आली की यंत्र खडखडायचं, मोठी असली तर घंटी वाजायची, आणि काका कागद टर्रकन फाडून संपादकांच्या टेबलाकडे धावायचे.

"भिंत? मी फाडली," ते सांगायचे. "रुमानियाचा हुकूमशहा? ऐन नाताळात. तोही मीच फाडला."

"एवढं फाडलंत, एक ओळ तरी लिहिलीत का?" हे आतून काकू.

बातमीदार व्हायचं म्हणून त्यांनी अर्जावर अर्ज केले होते, पण मशीनवरून त्यांना कुणी उठवलं नाही. इथे मुलीकडे आल्यावर तर ते नातीला शाळेत सोडणारे आजोबा, एवढेच उरले. नातही म्हणायची, "आबा, नॉट अगेन!"

म्हणून लायब्ररीतल्या ज्येष्ठांच्या गटाने "दहा मिनिटं बोलाल का?" असं विचारलं, तेव्हा काकांनी तीन आठवडे माझ्या गराजमध्ये तालीम केली. प्रेक्षक मी, दिग्दर्शक मी, इंग्रजी सुधारणारीही मीच.

"काका, एवढा जोर नको. म्हातारी माणसं असतात तिथे, एखादं जायचं."

"जाऊ दे. ऐकून तरी जाईल."

त्या गुरुवारी काका लग्नातला कोट घालून उभे राहिले. एका हातात मुलांच्या चित्रकलेच्या कागदाचं भेंडोळं, दुसऱ्या हातात देवघरातली घंटा. ती काकूंना न विचारता आणली होती. घंटा वाजली, कागद फाटला, अफगाणिस्तान रिकामा झाला. लोक रंगले. मग बर्लिन आलं. काकांनी घंटा अशी बडवली की लायब्रेरियन धावत आली. भिंतीवर चढलेली माणसं, हातोडे, रस्त्यावर नाचणारं अख्खं शहर!

दुसऱ्या रांगेत हात वर झाला. आमची गिझेला, ऐंशी ओलांडलेली, दर गुरुवारी घरचा केक आणणारी. "मी होते तिथे," ती म्हणाली. "आम्ही नाचलो नाही."

आता साध्या माणसाने काय करावं? तिला पुढे बोलावून खुर्ची द्यावी. पण काकांचा आयुष्यभराचा विश्वास तारेने आलेल्या बातमीवर. ते म्हणाले, "नो मॅडम. होल बर्लिन वॉज डान्सिंग. आय टोअर इट मायसेल्फ."

कुणीतरी फिस्सकन हसलं. गिझेलाने पर्स उचलली आणि दाराकडे निघाली. मी तोंड ओढणीत लपवलं. तीन आठवड्यांची तालीम पाण्यात गेली होती, आणि हा माणूस पुन्हा या हॉलमध्ये पाऊल टाकणार नव्हता.

दारापाशी गिझेला वळली.

"दुसऱ्या दिवशी माझ्या दाराची बेल वाजली," ती म्हणाली. "बाहेर एक बाई उभी. मी म्हटलं, नो थँक्स, आम्हाला काही विकत घ्यायचं नाही. ती माझी बहीण होती."

बहिणीचा नवरा भिंतीपलीकडे, पूर्वेकडच्या सरकारी नोकरीत. पश्चिमेकडच्या नातेवाइकांना भेटायला, पत्र लिहायलासुद्धा मनाई. वीसएक वर्षं दोघींनी एकमेकींना पाहिलं नव्हतं.

काकांनी घंटा हळूच टेबलावर ठेवली, हातातला फाटका कागद उलटा केला आणि खिशातून पेन काढत गिझेलाजवळ गेले.

"सॉरी मॅडम. सिस्टरचं नाव? स्पेलिंग सांगा. आणि मग ती काय म्हणाली?"

गिझेलाने त्यांच्याकडे पाहिलं. पर्स खाली ठेवली.

"म्हणाली, बरं, विकत नको तर नको. निदान पाणी तरी दे."

काकांचं भाषण तिथेच संपलं. पण त्यानंतर माणूस सुटलाच! रोज खिशात वही. पार्कातल्या बाकावर, डॉक्टरकडे, बसस्टॉपवर प्रश्न एकच: "त्या साली तुम्ही कुठे होता?" बीजिंगच्या एका आजींनी सांगितलं, चौकातलं काही पाहिलं नाही, भाऊ सायकल घेऊन गेला, तो आला नाही, सायकलही नाही. त्या दिवशी काकांनी माझ्या पायरीवर बसून ते लिहून काढलं. घोषणा केली नाही.

मलाही सोडलं नाही त्यांनी.

"मी शाळेत होते काका. गणितात नापास."

"लिहू?"

"काका!"

"बरं, नाव बदलतो."

गेल्या हिवाळ्यात काका गेले. दिवसकार्य झाल्यावर मुलीने त्यांच्या वह्या टेबलावर मांडल्या आणि अख्खा गुरुवारचा गट त्यांच्याभोवती जमला. अक्षर मराठी, वाचता कुणाला येत नव्हतं, तरी जो तो आपलं पान शोधत होता. मुलगी वाचून इंग्रजीत सांगत होती. गिझेला वहीत चिकटवलेल्या त्या फाटक्या कागदावर बहिणीच्या नावाच्या स्पेलिंगवरून बोट फिरवत होती.

काकूंनी चष्मा लावला. एक वही घेतली, पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत चाळली. मग दुसरी, मग तिसरी. आम्हाला वाटलं, आठवणीत हरवल्यात. काकूंनी शेवटची वही मिटली, भिंतीवरच्या फोटोकडे पाहिलं आणि सगळ्यांसमोर मोठ्याने म्हणाल्या,

"अहो, अख्ख्या जगाला विचारलंत, मला विचारायचं तेवढं राहिलं ना!"