तेरावा गडी

"आधी आत तर जाऊ," असं म्हणून भाऊ शर्टाच्या बाह्या दुमडायचे. क्लायंटची मीटिंग असो, बंद पडलेला सर्व्हर असो की बर्फात रुतलेली माझी गाडी. तुमच्याही ऑफिसात असा एखादा असेल. कामं वाटली जाताना सगळे टेबलाकडे बघत बसतात आणि याचा हात वर.

फिलाडेल्फियाजवळच्या आमच्या ऑफिसात ते सांगलीहून वर्षभराच्या प्रोजेक्टवर आले होते. वय बेचाळीस, पोट जरा पुढे, तरुणपणी कबड्डी खेळलेले. शेजारच्या क्युबिकलमध्ये एक ऑस्ट्रेलियन होता. त्याच्या देशातला 'रग्बी लीग' हा खेळ तेव्हा अमेरिकेत नुकताच रुजत होता आणि तो एका नवख्या संघाचा कोच होता. खेळायला तेरा जण लागत, याच्याकडे बारा. एकदा जरी सामना सोडावा लागला, तर पुढच्या वर्षी संघाला स्पर्धेत जागा नव्हती. एका शुक्रवारी जेवताना त्यानं हे रडगाणं लावलं. भाऊंनी डबा बंद केला.

"चेंडू घेऊन समोरच्यांच्या अंगावर जायचं, ते धरणार. एवढंच ना? मी येतो."

"भाऊ, ते लोक शंभर-शंभर किलोचे आहेत यार," मी म्हणालो. "काही फ्रॅक्चर झालं तर वहिनींना काय सांगू?"

"आधी आत तर जाऊ."

त्यांना ड्राइव्ह करता येत नव्हतं, म्हणून दर शनिवारी मी त्यांचा सारथी झालो.

पहिल्याच सामन्यात चेंडू त्यांच्या हातात आला. भाऊ शिरले आणि तिघांनी त्यांना आडवं केलं. या खेळात अशा वेळी उठायचं, चेंडू पायानं मागे सरकवायचा आणि पुढे खेळायचं. भाऊ उठले, चेंडू पंचांच्या हातात दिला आणि मान खाली घालून बाहेर माझ्याशेजारी येऊन उभे राहिले.

"काय झालं?"

"धरलं ना. बाद झालो."

कोच लांबून दोन्ही हात हलवत होता. तो धीर देतोय असं वाटून भाऊंनीही हात हलवला. तेवढ्यात समोरच्यांनी त्यांच्याच रिकाम्या जागेतून धावत जाऊन गुण मिळवले, आणि शेवटी तेवढ्यानंच आम्ही हरलो.

परतताना मी हसून हसून बेजार झालो. ते हसले नाहीत. "मी असूनसुद्धा ते बाराच खेळले की रे," एवढंच म्हणाले.

मग कोचनं त्यांना अगदी कडेला उभं केलं. तिथं चेंडू क्वचितच यायचा. भाऊंनी एकही शनिवार चुकवला नाही. सोमवारी खुर्चीत बसताना मात्र ते टेबलाचा आधार घेत.

मोसमाचा शेवटचा सामना होता आणि दुसऱ्या दिवशी भाऊंचं परतीचं विमान. तोवर संघ एकदाही जिंकला नव्हता. त्या दिवशी आम्ही दोन गुणांनी पुढे होतो, वेळ संपत आली होती, आणि समोरचा एक धिप्पाड गडी चेंडू घेऊन भाऊंच्या कडेनं सुटला. मध्ये दुसरं कुणी नव्हतं. भाऊ त्याच्या छातीला भिडलेच नाहीत. ते झपकन खाली बसले आणि त्याचा घोटा दोन्ही हातांनी आवळला. तो गुण मिळण्याच्या रेषेच्या हातभर अलीकडे कोसळला. शिट्टी वाजली. बारा जणांनी भाऊंना उचललं. खांद्यावरून ते मला शोधत होते. मला रडू फुटलं होतं, हे कशाला लपवू?

पुढच्या मोसमात संघ स्पर्धेत होता. पहिल्या सरावाला अठरा जण आले. मी सांगलीला फोन केला.

"अठरा?" भाऊ म्हणाले. "म्हणजे आता माझी गरज नाही. बरं झालं." मग हळूच विचारलं, "माझ्या जागेवर कोण?"

"एक पोस्टमन आहे. जोरात पळतो."

"त्याला सांग, पळणाऱ्याच्या तोंडाकडे बघू नकोस. पायांकडे बघ."

पोस्टमननं नीट ऐकून घेतलं. "हे कुणी सांगितलं?"

मी म्हणालो, "ही जागा ज्यानं राखली, त्यानं."